सूर्याचं देणं: अ‍ॅझ्टेकांचे देव आणि त्यांची लढाई

मेशिका घरात मूल जन्माला आलं की सुईण मोठ्यानं रणघोष करायची. बाळंतपण म्हणजे लढाई आणि बाळ म्हणजे आईनं त्या लढाईत धरून आणलेला कैदी, अशी त्या लोकांची पक्की धारणा होती. मुलगा असेल तर त्याची नाळ वाळवून ठेवत, मोहिमेवर निघालेल्या लढवय्यांच्या हाती देत आणि ते ती दूर रणभूमीत पुरून येत. मुलीची नाळ घरातच, चुलीपाशी पुरली जाई. बाळंतपणात बाई दगावली तर तिचा मान रणात पडलेल्या वीराइतका. सूर्यास्ताच्या सुमारास तिचं प्रेत पुरायला नेताना म्हाताऱ्या सुइणी हातात ढाली घेऊन भोवती चालत, कारण वाटेत तरुण लढवय्ये खरोखर हल्ला करत. त्यांना तिच्या डाव्या हाताचं मधलं बोट आणि तिचे केस हवे असत. ते ढालीत दडवले की शत्रूची नजर दिपते आणि त्याचे पाय लटपटतात, असा विश्वास होता. पुरल्यानंतरही नवरा चार रात्री तिथं पहारा देई.

रणात पडलेले वीर रोज पहाटे सूर्याला सामोरे जात आणि आरोळ्या ठोकत, ढाली वाजवत त्याला माथ्यावर आणून सोडत. माध्यान्हापासून मावळतीपर्यंतची सोबत बाळंतपणात गेलेल्या बायकांची. चार वर्षं अशी सेवा झाली की ते वीर हमिंगबर्ड आणि फुलपाखरं होऊन पृथ्वीवर उतरत आणि फुलांतला मध चाखत.

आपण ज्यांना अ‍ॅझ्टेक म्हणतो ते हे लोक. त्यांची राजधानी तेनोच्तित्लान 1325 च्या सुमारास एका सरोवरातल्या बेटावर वसली, आज तिथंच मेक्सिको सिटी उभी आहे. हेर्नान कोर्तेस हा स्पॅनिश सरदार तिथं पोचला 1519 मध्ये. तेव्हा गोवा पोर्तुगीजांच्या हाती जाऊन नऊ वर्षं झाली होती, यावरून काळाचा अंदाज यावा. वर सांगितलेल्या चालीरीती आपल्याला कळतात त्या मुख्यतः बेर्नार्दिनो दे साआगून या फ्रान्सिस्कन पाद्र्यामुळे. जुना धर्म मुळासकट उपटणं हे त्याचं काम होतं, पण त्यासाठी तो आधी समजून घ्यायला हवा म्हणून तो म्हाताऱ्या जाणत्या माणसांना विचारत बसला, मेशिकांचीच भाषा बोलणाऱ्या नाहुआ विद्यार्थ्यांकडून त्या भाषेत लिहून घेत राहिला, आणि तीसेक वर्षांच्या खटपटीतून बारा खंडांचा ग्रंथ उभा राहिला. विजेत्यांच्या देखरेखीखाली लिहिलेला हा मजकूर आहे, हे वाचताना विसरून चालत नाही. तरी त्याच्याइतका जवळून बोलणारा साक्षीदार दुसरा नाही.

अ‍ॅझ्टेकांची युद्धदेवता कोणती, असं विचारलं की वित्सिलोपोच्त्ली हे एकच नाव पुढे येतं. ते चूक नाही, पण अपुरं आहे. मेशिकांच्या जगात लढाई हे एखाद्या देवाकडे सोपवलेलं खातं नव्हतं. सूर्य रोज उगवण्यासाठी जे करावं लागतं त्यातलं लढाई हे एक काम होतं, आणि त्या कामाच्या टप्प्याटप्प्यावर वेगवेगळे देव उभे होते.

मुळाशी आहे ती सूर्याची कथा. आधीचे चार सूर्य, आणि त्यांच्याबरोबरची चार जगं, जग्वारांनी, वादळानं, आगीच्या पावसानं आणि पुरानं संपवली होती. सगळीकडे अंधार. देव तेओतिवाकान इथं जमले आणि नवा सूर्य होण्यासाठी अग्निकुंडात उडी कोण घेणार, असा प्रश्न निघाला. तेकुसिस्तेकात्ल हा श्रीमंत, दिमाखदार देव पुढे झाला. चार वेळा कुंडाच्या काठापर्यंत गेला आणि धग लागताच चारही वेळा मागे फिरला. मग अंगभर फोड उठलेल्या, कुणाच्या खिजगणतीत नसलेल्या नानावात्सिननं डोळे मिटले आणि उडी घेतली. त्याच्या मागोमाग गरुड आगीत शिरला, त्याची पिसं काळवंडली. जग्वार शेवटी गेला, तोवर आग मंदावली होती, म्हणून त्याच्या अंगावर नुसते डाग उठले. मेशिका सैन्यातल्या मानाच्या दोन पथकांना, गरुडवीरांना आणि जग्वारवीरांना, या उडीचा वारसा सांगितला जाई.

नवा सूर्य उगवला खरा, पण क्षितिजावर डळमळत एकाच जागी थांबला. तो हलावा म्हणून बाकीच्या सगळ्या देवांनी आपले प्राण दिले, तेव्हा कुठे तो मार्गाला लागला. म्हणजे दिवस उजाडतो तो देवांच्या मरणाच्या मोलानं, आणि ते माणसाच्या डोक्यावरचं देणं आहे. नरबळीकडे मेशिका ऋण फेडणं म्हणूनच पाहत. आपल्याकडेही माणूस जन्मतःच देवऋण, पितृऋण घेऊन येतो असं मानलं जातं, पण इथं ते रक्तानं फेडायचं होतं. घरोघरी लोक काट्यांनी आपले कान टोचून रक्त वाहत, पुजारी तर रोजच. मोठा हप्ता मात्र युद्धकैद्यांच्या काळजाचा. म्हणून रणात शत्रूला जागच्या जागी ठार करण्यापेक्षा जिवंत धरून आणण्याला मान होता.

ही गोष्ट सगळ्या नाहुआ लोकांची. वित्सिलोपोच्त्ली मात्र मेशिकांचा स्वतःचा, उत्तरेकडून भटकत आलेल्या त्या टोळीनं पाठीवर वाहून आणलेला देव. त्याच्या जन्माची कथा कोआतेपेक या डोंगरावर घडते. कोआत्लिकुए तिथं झाडलोट करत असताना वरून पिसांचा एक गोळा पडला. तिनं तो उचलून कमरेला खोचला आणि तिला दिवस गेले. हे कळताच तिची मुलगी कोयोल्शाउकी संतापली. आईनं कुळाला बट्टा लावला म्हणून तिनं आपल्या चारशे भावांना चिथावलं आणि सगळे शस्त्रं घेऊन डोंगर चढू लागले. ते माथ्यावर पोचले आणि त्याच क्षणी वित्सिलोपोच्त्ली पूर्ण वाढलेला, हातात ढाल आणि अग्निसर्पाचं शस्त्र घेऊन जन्माला आला. त्यानं बहिणीचं मुंडकं उडवलं. तिचं धड डोंगरावरून गडगडत खाली गेलं आणि हातपाय सुटे झाले. भावांना त्यानं डोंगराभोवती पळवून पळवून संपवलं. उगवता सूर्य चंद्राला आणि ताऱ्यांना रोज पिटाळतो त्याची ही कथा, असा अर्थ बरेच अभ्यासक लावतात.

21 फेब्रुवारी 1978 रोजी मेक्सिको सिटीत वीज कंपनीचे कामगार खोदकाम करत असताना एक प्रचंड कोरीव दगड लागला. व्यास सुमारे सव्वातीन मीटर, वजन आठ टनांच्या आसपास. त्यावर कोयोल्शाउकी आहे: मुंडकं वेगळं, दंड आणि मांड्या सांध्यातून तुटलेल्या, कमरेला सापाचा पट्टा, गालांवर घुंगरं. शिल्पकारानं ते तुटलेलं शरीर वर्तुळात असं बसवलं आहे की ती अजून पळते आहे असं वाटावं. या दगडानंतर एदुआर्दो मातोस मोक्तेसुमा यांच्या नेतृत्वाखाली उत्खनन सुरू झालं आणि तेनोच्तित्लानचं मुख्य देऊळ, तेम्प्लो मायोर, उजेडात आलं. दगडाची जागा पाहिली की सगळा उलगडा होतो. तो होता वित्सिलोपोच्त्लीच्या बाजूच्या जिन्याच्या पायथ्याशी. देऊळ म्हणजे कोआतेपेकचा डोंगर. वर माथ्यावर कैद्याची छाती फोडली जाई आणि धड पायऱ्यांवरून खाली लोटलं जाई, ते येऊन पडे कोयोल्शाउकीच्या अंगावर. प्रत्येक बळीबरोबर ती जन्मकथा पुन्हा घडत होती, आणि धरून आणलेला प्रत्येक शत्रू त्या चारशे भावांपैकी एक होत होता.

टोळीच्या देवाला सूर्याच्या आसनापर्यंत नेणारं राजकारण विसरता येत नाही. 1428 पर्यंत मेशिका हे आस्कापोत्साल्को या बलाढ्य नगराचे मांडलिक होते. त्या वर्षी राजा इत्सकोआत्लनं टेश्कोको आणि त्लाकोपान यांच्याशी हात मिळवून आस्कापोत्साल्को पाडलं आणि या तीन नगरांचं साम्राज्य सुरू झालं. त्यानंतर इत्सकोआत्लनं जुन्या चित्रपोथ्या जाळवल्या, असं साआगूनला सांगणाऱ्यांनी सांगितलं. जुना इतिहास सर्वांनी वाचावा असा नव्हता, हे त्यामागचं कारण. ज्या टोळीला कालपरवापर्यंत कुणी विचारत नव्हतं तिचा देव आता जग तगवणारा ठरणार, तर मागचं पुसणं भाग होतं. पावसाचा देव त्लालोक मेशिकांच्या कितीतरी शतकं आधीपासून या प्रदेशाच्या शिल्पांत आणि चित्रांत दिसतो. वित्सिलोपोच्त्ली तसा दिसत नाही.

त्लालोकला मात्र कुणी हलवलं नाही. तेम्प्लो मायोरच्या माथ्यावर दोन गाभारे होते, उत्तरेला त्लालोकचा, दक्षिणेला वित्सिलोपोच्त्लीचा. सरोवरातल्या बेटावर लाखभर किंवा त्याहून जास्त माणसं राहत होती. त्यांच्या ताटात जे पडे ते एक पावसानं पिकलेलं, नाहीतर जिंकलेल्या मुलखातून खंडणी म्हणून आलेलं. हा हिशेब देवळाच्या माथ्यावरच मांडला होता. देवळाच्या पोटात पुरलेल्या अर्पणांत शंख, पोवळी आणि मगरी सापडल्या आहेत, तेही दूरच्या समुद्रकिनाऱ्यांपर्यंत पोचलेल्या साम्राज्याचंच माप.

लढाईचा हंगामही देवांच्या पंचांगात बसवलेला. शेतकरी हाच सैनिक, म्हणून मोठ्या मोहिमा मका घरात आल्यावर, कोरड्या महिन्यांत निघत. त्याआधी ओच्पानिस्त्ली या सणात, म्हणजे झाडलोटीच्या महिन्यात, तोसी या आजी-देवीची पूजा होई आणि राजा लढवय्यांना शस्त्रं, ढाली, मानाचे पोशाख वाटे. सैन्य निघे तेव्हा देवांच्या मूर्ती पाठीवर बांधलेले पुजारी एक दिवस आधी वाटेला लागलेले असत. हे पुजारी स्वतःही लढत आणि कैदी धरत. एखादं नगर पडलं हे दाखवण्यासाठी चित्रपोथीत एकच खूण असे: देवळाचं कलतं छप्पर आणि त्यातून निघणाऱ्या ज्वाळा. देऊळ पेटलं म्हणजे लढाई संपली. पराभूतांच्या मूर्ती फोडत मात्र नसत. त्या तेनोच्तित्लानला आणून एका खास देवळात कैद्यांसारख्या ठेवत. आपला धर्म दुसऱ्यावर लादावा म्हणून मेशिका लढले नाहीत. बहुतेक शत्रूंचे देव त्यांच्याच ओळखीचे होते. त्लाश्काला या कट्टर वैऱ्याचा कुलदेव कामाश्त्ली हा शिकारीचा आणि लढाईचा देव, आणि मेशिका तोच मिश्कोआत्ल या नावानं पूजत.

या सगळ्या देवांत मला सर्वांत खोल वाटतो तो तेस्कात्लिपोका, धुरकट आरशाचा देव. त्याच्या एका पायाच्या जागी चित्रकार काळ्या ऑब्सिडियन काचेचा आरसा काढत, ज्यात त्याला माणसांची मनं दिसत. सामान्य घरातली मुलं ज्या शाळेत लढाई शिकत तिचा तो अधिदेव होता. दहाव्या वर्षी मुलाच्या डोक्यामागे केसांची एक बट राखत, आणि पहिला कैदी धरल्याशिवाय ती कापत नसत. वय वाढलं तरी बट तशीच असली तर पोरीबाळी तोंडावर टोमणे मारत. या शाळेच्या देवाचं एक नाव होतं याओत्ल, म्हणजे शत्रू. तो कुणाच्याच बाजूचा नव्हता. राजा गादीवर बसे तेव्हा त्याच्यासमोर उघडा उभा राहून आपल्या क्षुद्रपणाची कबुली देई, कारण ज्यानं दिलं तो लहर लागली की काढून घेतो आणि त्याला जाब विचारता येत नाही. वित्सिलोपोच्त्ली विजयाचं आश्वासन देतो. ते आश्वासन कधीही फिरू शकतं याची जाणीव मेशिकांनी तेस्कात्लिपोकाच्या रूपात जपली होती. जिंकणाऱ्या माणसांनी स्वतःजवळ असा देव ठेवावा, यात मला त्यांचं मोठं शहाणपण दिसतं.

आता शिपे तोतेक, सोललेल्या कातड्याचा देव. वसंताच्या तोंडावर येणाऱ्या त्याच्या सणात सर्वांत शूर कैद्यांची झुंज लावत. कैद्याला चक्कीसारख्या गोल दगडावर चढवून कमरेला दोर बांधत, दोराचं दुसरं टोक दगडाच्या मध्यभागी. प्यायला मद्य देत. मग हातात तलवार, पण कशी? मेशिका तलवार म्हणजे लाकडी फळी आणि तिच्या दोन्ही कडांना बसवलेल्या ऑब्सिडियनच्या पात्या. कैद्याच्या फळीला पात्यांच्या जागी पिसं चिकटवलेली असत. समोरून एकेक करून गरुडवीर आणि जग्वारवीर येत, त्यांच्या पात्या खऱ्या. कैदी तगला तर शेवटी डावखुरा लढवय्या येई. एखादा कैदी तशा अवस्थेतही बराच वेळ झुंजे आणि पाहणारे त्याचं नाव लक्षात ठेवत.

ज्यानं हा कैदी धरून आणला तो सगळं बघत उभा असे. धरल्या क्षणापासून त्या दोघांत बापलेकाचं नातं लागलेलं असे, कैदी त्याला बाप म्हणे, तो कैद्याला लेक. झुंज संपली की धरून आणणाऱ्याला वाडग्यात रक्त मिळे. ते घेऊन तो देवळादेवळांतून फिरे आणि मूर्तींच्या ओठांना लावे. कैद्याच्या मांसाचा तुकडा मक्याबरोबर शिजवून धरून आणणाऱ्याच्या नातेवाइकांना वाढत, पण तो स्वतः त्याला तोंड लावत नसे, आपलंच मांस कसं खायचं म्हणून. घरची माणसं त्या वेळी रडत. आज दुसऱ्याच्या लेकराचं झालं ते उद्या आपल्याचं होणार, हे त्यांना ठाऊक होतं. सोललेली कातडी अंगावर चढवून काही जण वीस दिवस दारोदार फिरत. कणीस सोललं की आतून कोवळे दाणे निघतात तसं जुन्या कातड्याखालून नवं जीवन निघतं, असा या देवाचा अर्थ सांगतात, आणि मेशिका राजे त्याच शिपेचा वेश करून रणात उतरत.

हे वाचताना अंगावर काटा येतो आणि तो यावा. या क्रौर्यावर पांघरूण घालणं मला पटत नाही. पण त्याला रक्तपिपासूंचा उन्माद म्हणून निकालात काढणंही तितकंच खोटं आहे. मारणारा स्वतःला मरणाऱ्यापासून वेगळा समजत नव्हता. आज दोर याच्या कमरेला, पुढच्या मोहिमेत कदाचित माझ्या, हे कळून तो लढत होता. आकड्यांच्या बाबतीतही सावध राहावं लागतं. 1487 मध्ये अवीत्सोत्ल राजानं तेम्प्लो मायोरचा वाढवलेला भाग देवाला अर्पण केला तेव्हा चार दिवसांत 80,400 बळी दिले, असं दिएगो दुरान हा पाद्री लिहितो. हिशेब केला तर रात्रंदिवस दर मिनिटाला चौदा. हे होणं शक्य नाही. दुसरीकडे, सगळं स्पॅनिशांनी रचलं म्हणणाऱ्यांनाही जमिनीनं उत्तर दिलं आहे. 2015 मध्ये तेम्प्लो मायोरजवळ कवट्यांचा गोल बुरूज सापडला, आणि 2020 पर्यंत त्यातल्या सहाशेहून जास्त कवट्या मोजून झाल्या. बऱ्याच तरुण पुरुषांच्या, पण बायका आणि मुलांच्याही.

त्लाश्काला, वेशोत्सिन्को आणि चोलुला यांच्याशी ठरवून होणाऱ्या लढायांना ‘फुलांची युद्धं’ म्हणत. जागा आणि दिवस आधी ठरे आणि दोन्हीकडचे निवडक वीर उतरत. देवांना ताजा नैवेद्य मिळावा आणि तरुणांचा सराव व्हावा म्हणून त्लाश्काला मुद्दाम जिंकलेलं नाही, असं तेव्हाच्या मेशिका राजानं, मोक्तेसुमानं, स्पॅनिशांना सांगितल्याची नोंद आहे. काही इतिहासकारांना यात वेगळंच दिसतं: सरळ जिंकता न येणाऱ्या शत्रूला वर्षानुवर्षं वेढून, झिजवून कमकुवत करायचं हे डावपेच होते. मला दोन्ही खरं वाटतं. पण झिजवलेल्या त्या शत्रूच्या मनात काय साठत होतं ते 1519 मध्ये दिसलं. कोर्तेसकडे काहीशे शिपाई होते. तेनोच्तित्लान पाडलं ते त्याच्या बाजूनं उतरलेल्या हजारो त्लाश्कालन लढवय्यांनी.

मे 1520 मध्ये तोश्कात्लचा सण आला. कोर्तेस शहराबाहेर होता, मागे शहरात राहिलेल्या स्पॅनिश तुकडीवर त्याचा सरदार पेद्रो दे आल्वारादो. बायकांनी वित्सिलोपोच्त्लीची मूर्ती घडवली ती दगडाची नव्हे, राजगिऱ्याच्या पिठाची. आपण उपासाला लाडू करतो तोच हा राजगिरा, मुळात अमेरिकेतला. देवाचं शरीर त्याच्या पिठातून करायचं आणि सण संपल्यावर मोडून वाटून खायचं, ही त्यांची रीत. नाच रंगात आला असताना आल्वारादोच्या माणसांनी देवळाच्या आवाराची दारं अडवली आणि निःशस्त्र नाचणाऱ्यांची कत्तल केली. आधी ढोल वाजवणाऱ्याचे हात तोडले. त्यानंतर शहर पेटून उठलं आणि स्पॅनिशांना पळ काढावा लागला. ते परतण्याआधी देवीची साथ आली आणि मोक्तेसुमानंतरच्या नव्या राजासकट असंख्य माणसं घेऊन गेली.

पुढच्या उन्हाळ्यात वेढा पडला आणि अडीचेक महिने चालला. अन्न संपलं, गोडं पाणी तोडलं गेलं, लोक सरडे आणि चामडी खाऊ लागले. अगदी शेवटी राजा क्वाउतेमोकनं आपल्या बापाचा, अवीत्सोत्लचा, केत्साल पक्ष्याच्या पिसांनी मढवलेला घुबडाचा रणवेश बाहेर काढला आणि ओपोच्त्सिन नावाच्या लढवय्याच्या अंगावर चढवला. त्याच्या हाती ऑब्सिडियनच्या टोकाचा भाला दिला. तो वित्सिलोपोच्त्लीचा भाला, कोआतेपेकवर चाललेला अग्निसर्प. तो एका-दोघा शत्रूंना लागला तर देव अजून आपला आहे, असं ठरलं. साआगूनच्या माहितगारांनी पुढचं सांगितलं आहे. तो वेश दिसताच समोरचे क्षणभर हबकले. ओपोच्त्सिननं तिघांना कैद केलं, मग एका धाब्यावरून उडी टाकून तो दिसेनासा झाला. लढाई त्या दिवसापुरती थांबली. 13 ऑगस्ट 1521 रोजी क्वाउतेमोक पकडला गेला.

तेम्प्लो मायोर पाडून त्याचे दगड नव्या शहराच्या बांधकामात वापरले गेले. वित्सिलोपोच्त्लीची मूर्ती काही सापडली नाही. ती आधीच गुपचूप हलवली गेली आहे, असा संशय बिशप सुमारागाच्या धर्मन्यायालयाला होता, म्हणून 1539 मध्ये तेनोच्तित्लानच्याच एका माणसावर मूर्ती दडवल्याचा खटला भरला. कुठून कुठे नेली, कुणाच्या घरी ठेवली, हे दाखवणारं एक चित्र पुराव्यात मांडलं गेलं. त्या माणसाचा छळ केला, तरी त्यानं जागा सांगितली नाही.